पहिल्या हसण्याचा मानकरी

आप्पा उतेकरांचं हसणं अगदी वाईट होतं. गेलेल्या माणसाबद्दल असं बोलू नये म्हणतात, पण मी पस्तीस वर्षं गणित शिकवलं आहे आणि चुकलेल्या उत्तराला बरोबर म्हणायची मला सवय नाही. आधी घसा खाकरल्यासारखा एक आवाज, मग मोजून तीन वेळा ‘ह्हा, ह्हा, ह्हा’, आणि मग एकदम शांतता. डोळे त्या हसण्यात सामील नसायचेच. पहिल्यांदा ते ऐकलं तेव्हा मला वाटलं, गृहस्थांना ठसका लागलाय. मी पाण्याचा तांब्या पुढे केला. त्यांनी निमूट दोन घोट घेतले आणि म्हणाले, “बाई, मी हसत होतो.”

आप्पा, म्हणजे सिताराम उतेकर, पोलादपूर तालुक्यातल्या कापड्याचे. घरची भातशेती भावाकडे ठेवून ते तरुणपणीच मुंबईला गेले आणि गिरगावातल्या एका दुकानात कामाला लागले. ते दुकान सिनेमाची रिळं भाड्यानं द्यायचं. शाळांचे वार्षिक दिन, चाळींचे गणपती, कुणाच्या मुलाचा वाढदिवस, अशा ठिकाणी आप्पा प्रोजेक्टर खांद्यावरून न्यायचे, चादर बांधायचे आणि सिनेमा दाखवून परत यायचे. त्या ओझ्यानं त्यांचा उजवा खांदा कायमचा खाली आला होता. पुढे घरोघरी टीव्ही आले आणि दुकानाचं काम संपलं. मालक म्हणाला, जाताना जे हवं ते न्या. बाकीच्यांनी पंखे नेले, टेबलं नेली. आप्पांनी एक प्रोजेक्टर आणि सात लहान डबे उचलले आणि गावी आले.

त्या सात डब्यांत काय होतं, तर कार्टून. तीसुद्धा हल्लीची रंगीत नव्हेत. फार जुनी, परदेशातली, काळीपांढरी आणि मुकी. एकेक जेमतेम सात मिनिटांचं. कुठे एक मांजर छपरावरून चालता चालता छप्पर संपलं तरी हवेतच चालत राहतं, आणि खाली बघितल्यावर मग पडतं. कुठे एका जाड्या पोलिसाच्या डोक्यावर कुंडी पडते. कुठे भिंत पडते, शिडी पडते, दरवाजा पडतो. ज्याच्यावर पडतं तो पोळीसारखा चपटा होतो, उठतो, अंग झटकतो आणि पुढे निघतो. मला या प्रकारात कधीच काही गंमत वाटली नाही. लोकांनी आपटावं आणि आपण दात काढावेत, यात कसला आलाय विनोद?

कोकणच्या दमट हवेत फिल्मला बुरशी धरते. म्हणून आप्पा ते डबे भाताच्या कणगीत, भातात पुरून ठेवायचे. कुठेही खेळ लावायला डबा उघडला की आधी चार दाणे भात खाली पडायचा. त्यांच्या बायकोला, इंदूवहिनींना, त्याचा भारी राग. “लोकांच्या कणगीत उंदीर निगतो,” त्या म्हणायच्या, “आमच्या कणगीत मांजर.”

आमची शाळा कापड्यापासून तीन-चार किलोमीटरवर, डोंगराच्या पायथ्याशी. मी महाडहून रोज एसटीनं यायचे. आप्पा पहिल्यांदा शाळेत आले ते खेळ लावायची परवानगी मागायला. तेव्हा मी नुकतीच मुख्याध्यापिका झाले होते आणि नव्या पदाचा ताठा अंगात होता. मी विचारलं, “यातून मुलांनी काय शिकायचं?”

“पडायला,” आप्पा म्हणाले.

मी म्हटलं, पडायला शिकवावं लागत नाही, आमची मुलं ते आपलं आपण करतात. आप्पा उठले, नमस्कार केला, दाराबाहेर गेले, आणि व्हरांड्यात धाडकन आडवे झाले. चप्पल एकीकडे, टोपी दुसरीकडे. मी धावले, शिपाई धावला, शेजारच्या वर्गातले सर खडू घेऊन तसेच बाहेर आले. आम्ही त्यांना धरून उठवणार तर आप्पा आपणच उठले, धोतराची धूळ झटकली, टोपी घातली.

“बगितलंत? तुमी सगळे पळत आलात. हसलं कोन नाय. आता हाच मी पडद्यावर मांजर होऊन पडलो तर हसाल. का, तर मांजराला लागनार नाय ते ठावं हाय. माणसाला बाई, पडनाऱ्याची चिंता नाय अशी एक जागा लागते. तेवडीच मी घेऊन हिंडतो.”

मी त्यांना खूप बोलले. वयाचं भान आहे का, हाड मोडलं असतं म्हणजे, वगैरे. पण परवानगी दिली. नाही तर पुन्हा पडले असते, त्यांचा काय नेम.

पडण्यावर हा माणूस तासन्‌तास बोलू शकायचा. शर्टाच्या खिशात एक भिंग असायचं, आणि फिल्मची पट्टी उजेडात धरून ते मला एकेक चित्र दाखवायचे. पडायच्या आधी मांजर खाली बघतं, मग आपल्याकडे बघतं, तेवढी पाच-सहा चित्रं. “हितं हसू हाय,” ते नखानं दाखवायचे. “पडन्यात नाय. पडनार म्हनून कळलं आनि करन्यासारखं काय नाय, त्यात हाय.” पडणाऱ्याच्या तोंडावर लाज दिसली पाहिजे, वेदना दिसता कामा नये, असं त्यांचं मत. कुठल्या रिळात कुठला चित्रकार चुकला आणि मांजराच्या तोंडावर वेदना काढून बसला, हेही त्यांना पाठ होतं. तो तुकडा आला की ते प्रोजेक्टरपुढे क्षणभर हात धरायचे.

रिळं मुकी, म्हणून आवाज आप्पा स्वतः द्यायचे. एक पत्र्याचा डबा आणि लाकडी पळी. कुंडी पडली की टण्ण, भिंत पडली की डब्यावर दोन्ही मुठी, आणि मांजराच्या पावलांना जिभेनं टक टक टक. सगळं झालं की ते तीन ठोक्यांचं हसणं. ते मात्र नेहमी सर्वांच्या आधी. प्रेक्षक हसण्यापूर्वी हा माणूस हसून मोकळा. मला वाटायचं, स्वतःच्याच मालावर खूश आहे. तसं नव्हतं, हे मला मोऱ्यांच्या घरी कळलं.

मोरे आमच्या शाळेतले लिपिक, कापड्याचेच. त्यांचे वडील गेले. दिवसकार्य झालं, महिना उलटला, तरी घरात कुणी मोठ्यानं बोलेना. मोऱ्यांची आई भिंतीला टेकून बसलेली, बाकीचे तिच्या तोंडाकडे बघून वागणारे. मी एका संध्याकाळी भेटायला गेले तर ओटीवर आप्पा चादर बांधत होते. मला धक्काच बसला. दुखवट्याच्या घरात कार्टून? पण मोऱ्यांनीच बोलावलं होतं.

रीळ सुरू झालं. मांजराचं डोकं बादलीत अडकतं, ते बादलीसकट घरभर आपटत फिरतं. ओटीवर दहाबारा माणसं, आणि कुणाचा श्वास ऐकू येईना. आप्पांनी घसा खाकरला आणि ह्हा, ह्हा, ह्हा.

मुंबईहून आलेले एक काका उसळले. “ओ उतेकर, सुतक फिटलं म्हणून लाज पण फिटली काय?”

आप्पा उभे राहिले, हात जोडले. “चुकलं माजं. मी मेला असलाच हाय.” आणि खाली बसून त्यांनी रीळ चालूच ठेवलं. बादली भिंतीवर आपटली, आप्पा पुन्हा हसले. काकांनी पुन्हा झापलं. आप्पांनी पुन्हा हात जोडले. असं तीनदा झालं. तिसऱ्या वेळी मोऱ्यांच्या बायकोनं तोंडात पदर कोंबला. आणि भिंतीशी बसलेली ती म्हातारी, पडद्याकडे बघत, अगदी काळजीनं म्हणाली, “अरे पन त्या मांजराला बादलीतनं काडनार हाय का कोन?” मग मात्र सगळं घर हसत सुटलं. काकासुद्धा. म्हातारी हसता हसता रडायला लागली, आणि कुणी तिला गप्प केलं नाही.

परत जाताना आप्पा रस्त्यापर्यंत माझ्याबरोबर आले. मी विचारलं, तुम्ही मुद्दाम बोलणी खाता काय?

“बाई, माणूस गेला की कडू घास घेऊन शेजारी येतो. दिवस झाले की सोयरा येऊन तोंड गोड करतो. नवा कपडा मामा आनतो. सगळ्याला माणूस ठरलेला हाय. पयल्या हसन्याला कोन नाय. घरातला कोन हसला तर जन्माचा बोल लागतो, हा बाप मेला तवा हसत होता म्हनून. तो बोल मी घेतो. मला काय, मी भायेरचा.”

गावातल्या कुणीतरी त्यांना ‘पहिल्या हसण्याचा मानकरी’ असं नाव ठेवलं होतं. पालखीला जसा पहिला खांदा देणारा मानकरी असतो, तसा. चेष्टेनं ठेवलेलं, पण घरात माणूस गेलं की महिना-दीड महिन्यानं लोक बोलवायला यायचे. आप्पांनी त्याचा कधी चहाखेरीज काही मोबदला घेतला नाही.

हे सगळं कुठून आलं, ते इंदूवहिनींनी सांगितलं. आप्पा खांद्यासाठी महाडजवळच्या सव गावी, गरम पाण्याच्या कुंडावर गेले होते, आणि मी त्यांच्या घरी चहाला थांबले होते. त्यांची मुलगी नंदा अकरावीत असताना तापानं गेली. घरात दुखवट्याचा काळ चाललेला. वहिनींचा धाकटा भाऊ बहिणीला सोबत म्हणून येऊन राहिला होता. विसाव्या-एकविसाव्या दिवशी अंगणात बकरी दोरीत अडकून स्वतःभोवती गोल गोल फिरायला लागली, आणि तो हसला. आप्पांनी त्याला हाताला धरून उठवलं आणि घराबाहेर काढलं. पिशवी मागून फेकली.

“तो गेला तो गेला,” वहिनी म्हणाल्या. “नंतर ह्ये दोनदा गेले त्याच्या घरी. त्यानं दार उगडलं नाय. आनि खरं सांगू बाई? बकरी बगून मलाबी हसू आलं होतं. ह्यांनाबी आलं होतं, मी बगितलं ना तोंड. त्या पोरानं आधी केलं एवडंच.” मग चहाचं भांडं उतरवत त्या म्हणाल्या, “तवापासनं ह्यांना हसायलाच येत नाय. ते मशीनपुढं हसतात, ते काय हसनं हाय? काम हाय ते.”

मी त्यानंतर आप्पांच्या हसण्याला नावं ठेवणं सोडलं.

मी निवृत्त होण्याच्या वर्षी पावसाळ्यात आमच्या वरच्या अंगाला दरड आली. वाडीचं नाव मी लिहीत नाही. तिथल्या उरलेल्या माणसांना ते नाव आता दुसऱ्यांच्या तोंडून ऐकवत नाही, हे मी स्वतः पाहिलं आहे. जी वाचली त्यांना आमच्या शाळेत आणलं. बाकं बाहेर गेली, वर्गांत चटया आल्या, आणि माझ्या ऑफिसात तांदळाची पोती.

माणसं चांगली असतात, याचा मला तेव्हा पुष्कळ अनुभव आला आणि त्याचा थोडा कंटाळाही आला. महाडहून, पुण्याहून, मुंबईहून येणारे सगळे हळू आवाजात बोलायचे. कुणी ‘धोंडा’ म्हणत नसे. ‘माती’ म्हणत नसे, ‘डोंगर’ म्हणत नसे. ‘ते झालं तेव्हा’ असं म्हणत. जेवताना कुणाच्या दाताखाली खडा आला की वाढणारी मुलगी घाबरून “काही नाही, काही नाही” म्हणायची.

त्या माणसांत एक सोनाबाय होती. ऐंशीच्या घरातली. तिचा मुलगा, सून आणि नातू, तिघंही गेले होते. ही त्या दिवशी बहिणीकडे नाते गावी गेलेली, म्हणून राहिली. ती रडताना मला कधी दिसली नाही. चहा पाणचट आहे म्हणून भांडायची, चटई बदलून मागायची, आणि उरलेला वेळ व्हरांड्यात वर डोंगराकडे पाठ करून बसायची. तिच्यासमोर तर बायका कुजबुजतसुद्धा नसत.

दोन महिने होत आले. मदतीला आलेल्या एका मुलीला कुणीतरी आप्पांविषयी सांगितलं. ती मला घेऊन कापड्याला गेली. आप्पांनी ऐकून घेतलं आणि सरळ नाही म्हणाले.

“एका घरात एक माणूस गेलेला असतो, ताई. हितं घरंच नायत. तिथं मी हसलो तर कोनत्या तोंडानं? आनि नाय हसलो तर तिथं हसनार कोन?”

मुलीला ते कळलं नाही, मला कळलं. आम्ही उठलो. फाटकापर्यंत आलो तर त्यांनी मागून हाक मारली. म्हणाले, चार दिवस द्या.

तिसऱ्या दिवशी मी एकटीच बघायला गेले. ओटीवर वाळत घालायच्या दोरीला फिल्मचे तुकडे कपड्यांच्या चिमट्यांनी लटकत होते, शेकड्यांनी. आप्पा भिंग डोळ्याला लावून बसलेले, शेजारी कात्री, फिल्म जोडायचं छोटं यंत्र आणि चिकटवायचं औषध. त्या औषधानं त्यांची बोटं पिवळी झाली होती. वहिनी एकेक तुकडा चिमट्यातून काढून देत होत्या.

“काय शोधताय?”

“एक असं रीळ, ज्यात कुनावर काय पडत नाय.”

“मिळालं?”

“सात डब्यांत एक पन नाय बाई. तीस वर्षं दाखवतोय, ध्यानातच आलं नाय. कुंडी नाय तर भिंत, भिंत नाय तर धोंडा. ह्या लोकांनी दुसरं काय काडलंच नाय.”

म्हणून ते सगळी पडणी कापून काढत होते. धोंडे, भिंती, छपरं, कडे, एकूण एक. सात साते एकोणपन्नास मिनिटांतून उरली बारा. ती सगळी त्यांनी एका रिळात जोडली. मला वाटलं, किती विचार केला या माणसानं. मी तसं बोललेही. माझीही चूक त्यात आली.

खेळ दुपारी ठेवला. मदतीत आलेल्या ब्लँकेटांनी मोठ्या वर्गाच्या खिडक्या झाकल्या. सगळी वाडी चटयांवर बसली, सोनाबाय पुढे. आप्पांनी पत्र्याचा डबा आणलाच नव्हता. प्रोजेक्टर लागला. मांजर जमिनीवरून उठतं, अंग झटकतं, चालू लागतं. पोलीस जमिनीवरून उठतो, अंग झटकतो, चालू लागतो. पुन्हा मांजर उठतं. पुन्हा झटकतं. कुत्रा उठतो. बारा मिनिटं नुसती उठाउठी. आप्पांनी घसा खाकरला, ह्हा ह्हा ह्हा झालं, पण ते कुणाला लागलं नाही आणि कुणी रागावलंही नाही. लोक सभ्यपणे बघत होते, जसे ते पाहुण्यांची भाषणं ऐकायचे.

सोनाबायनं मान वळवली. “सितारामा, ह्ये मांजर झोपून उटतंय काय?”

“नाय आजी.”

“मग पडलं कदी?”

आप्पांनी प्रोजेक्टर बंद केला. “पडलेलं काडलंय.”

“का रं?”

मी काहीतरी बोलायला गेले, तर तिनं मला हातानंच बसवलं.

“आमच्यासाठी काडलंस. व्हय ना? अरे, आमाला ठावं नाय काय कसं पडतं ते? जेवनात खडा आला तर ह्या पोरी म्हनतात काय नाय, काय नाय. खडा हाय तर खडा म्हना ना. दोन महिने झाले, माज्यापुढं कोन धोंडा म्हनत नाय. माज्या पोराचं नाव पन घेत नाय कोन. तू गावचा मानूस, तू पन तसाच? जा. जोड ते परत. पडलंच नाय तर उटलं म्हनून काय सांगतोस?”

मी नोकरीत अनेक साहेबांची बोलणी ऐकली आहेत. त्यातलं एकही मला असं लागलं नाही.

आप्पा दोन दिवस जोडत बसले. मी मध्ये एकदा जेवणाचा डबा घेऊन गेले तेव्हा त्यांचे डोळे सुजलेले होते. जेवण झाकून तसंच पडलेलं. तुकड्यांवर खुणा केल्या नव्हत्या, हे कापताना लक्षातच आलं नव्हतं त्यांच्या. परत जोडायचं आहे, असं कुणाला वाटलं होतं? वहिनी सांगायच्या, हे बघा, ह्या मांजराची शेपूट इकडं, मग ते त्याच्या आधी. अशा शेपट्या जुळवत दोघांनी ते केलं. त्या दिवशी आप्पा मला एवढंच म्हणाले, “बाई, आता हसायचं काम माज्यानं होनार नाय. मी फक्त मशीन चालवतो.”

दुसरा खेळही दुपारीच झाला. आप्पा प्रोजेक्टरमागे, वहिनी त्यांच्या शेजारी, मी दाराशी. सोनाबाय पहिल्या जागी. मांजर छपरावरून पडलं. कुंडी पडली. शिडी पडली. खोलीत प्रोजेक्टरची घरघर सोडली तर आवाज नाही. पोलीस चपटा झाला आणि उठला. मी पडद्याकडे बघतच नव्हते, मी माणसांच्या पाठी बघत होते. त्या पाठी ताठ होत चालल्या होत्या, कारण त्यांना कळलं होतं, आता तो येणार.

आला. डोंगराचा उतार, खाली मांजर. खरं म्हणजे तिथं असं होतं, की धोंडा गडगडत येतो, पडदाभर धूळ उडते, आणि धूळ बसली की चपटं मांजर उठून अंग झटकतं. पण आप्पांनी थकून दोन तुकडे उलटसुलट जोडले होते. मांजर आधीच जमिनीवरून उठलं. अंग झटकलं. शेपूट वर करून, कुणाशी काही घेणंदेणं नसल्यासारखं चालत पडद्याबाहेर निघून गेलं. आणि मग वरून तो धोंडा आला, धाडकन, रिकाम्या जागेवर. पडदाभर धूळ.

“गं बया,” सोनाबाय म्हणाली. “गेलं की. आदीच निगून गेलं.”

आणि ती हसली. खोकल्यासारखं नव्हे, ठोके मोजून नव्हे. पोटातून, बोळकं उघडं टाकून, मांडीवर हात मारत. सबंध खोली तिच्याकडे बघत राहिली. कुणाचा हात तोंडाशी, कुणाचा छातीशी. तिचं डोकं फिरलं असंच दोघी-तिघींना वाटलं असावं, त्या तिला धरायला सरकल्या. तिनं त्यांचे हात बाजूला केले आणि डोळे पुसत मागे वळली.

“हसा गो. बगता काय? माजा पोरगा गेला, सून गेली, माजा नातू गेला, विठू. मी हसले. आता तुमाला कोन काय बोलनार हाय?”

आधी एक बाई हसली, तोंड दाबून. मग तिची जाऊ. मग मागच्या भिंतीशी उभे असलेले बाप्ये. ते हसणं काही आनंदाचं नव्हतं, त्यात रडणं पुष्कळ होतं, आणि कुणाकुणाची नावंही होती, दोन महिन्यांत पहिल्यांदा मोठ्यानं घेतलेली. मीही हसले. मला ते मांजर आजही विनोदी वाटत नाही, तरी हसले.

त्या महिन्याअखेर मी निवृत्त झाले, आणि मग कापड्याला जाणं झालं नाही. पुढच्या वर्षी वहिनींचा फोन आला, आप्पा झोपेतच गेले म्हणून. माझा गुडघा तेव्हा प्लास्टरमध्ये, मी जाऊ शकले नाही. त्यामुळे आप्पांना मी शेवटचं पाहिलं ते त्या वर्गातच.

रीळ संपलं होतं आणि फिल्मचं टोक चाकावर फटफट आपटत होतं. आप्पांना त्याचं भान नव्हतं. चूक कुठे झाली ते त्यांना कळलं होतं, कारण वहिनी त्यांना कोपरानं ढोसत “शेपूट, शेपूट” म्हणत होत्या. आप्पांनी प्रोजेक्टरच्या पेटीवर दोन्ही हात टेकले होते आणि त्यांचे खांदे हलत होते, उजवाही, डावाही. मला आधी वाटलं रडताहेत. मी जवळ गेले. आवाज फुटत नव्हता, डोळ्यांतून पाणी वाहत होतं, तोंड लहान मुलासारखं वेडंवाकडं झालं होतं. ते हसत होते. सगळी खोली हसून झाल्यावर, सगळ्यांच्या मागून.